भूकंपस्मृती (गोवा)

भूकंपस्मृती म्हणजे मोठ्या भूकंपातून वाचलेल्यांच्या मनात, शरीरात आणि रोजच्या सवयींत वर्षानुवर्षे टिकून राहणारी त्या घटनेची आठवण. २००२ च्या नकाशानुसार गोवा भूकंपाच्या तिसऱ्या, म्हणजे मध्यम धोक्याच्या, क्षेत्रात मोडतो. तरी इथल्या मराठी भाषकांमधली ही आठवण मुख्यतः घाटावरून आलेली आहे. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनानगरला झालेल्या भूकंपाचा हादरा गोव्यापर्यंत जाणवला. पण हादरा जाणवणे वेगळे आणि त्यात घर जाणे वेगळे. इथे विषय घर जाण्याचा आहे.

३० सप्टेंबर १९९३ रोजी पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी लातूर जिल्ह्यातला किल्लारी परिसर हादरला आणि सुमारे १० हजार माणसे गेली. दगडमातीच्या जाड भिंती, वर मातीचे जड माळवद म्हणजे सपाट छप्पर, अशी घरे झोपेतल्या माणसांवर कोसळली. म्हणून तिथल्या माणसाला जमिनीपेक्षा छपराची धास्ती जास्त. पुनर्वसनात नवे घर मिळूनही कित्येकांनी बाहेर पत्र्याच्या शेडमध्येच अंथरूण टाकले. त्या भूकंपाआधी, १९९२ पासूनच, लहान धक्के बसत होते. म्हणून आजही जमिनीतून गूढ आवाज आला की लातूर भागातले लोक रस्त्यावर येतात, त्याला निव्वळ घबराट म्हणणे अन्यायाचे आहे.

मजुरी, नोकरी किंवा लग्नामुळे गोव्यात आलेल्यांची अडचण निराळी. मंगळुरी कौलांचे हलके छप्पर धीर देते. पर्वरी-मडगावच्या इमारतीत वरच्या मजल्यावर मात्र झोप उडते. खडीच्या खाणीतला सुरुंग किंवा परतीच्या पावसाचा गडगडाट पुरतो, छातीत धस्स होते. किल्लारीचा भूकंप अनंत चतुर्दशीचे विसर्जन आटोपल्यावरच्या पहाटे झाला होता. गावाकडे ३० सप्टेंबरला स्मृतिस्तंभापाशी श्रद्धांजली वाहतात. ज्यांनी दिवस तिथीने धरला, त्यांना तो गणपतीबरोबरच येतो. गोव्यात बहुतेक घरचा गणपती दीड किंवा पाच दिवसांनी पोचवलेला असतो, शेजारी चवथ आटोपून कामाला लागलेले असतात, आणि चतुर्दशीची रात्र अशा माणसाला एकट्याने काढावी लागते. गावात निदान सगळेच जागे असतात.

झोप न लागणे, तोच प्रसंग पुन्हा डोळ्यांपुढे येणे, बंद खोली टाळणे हे दीर्घकाळ चालले तर तो आघातोत्तर तणाव विकार असू शकतो. समुपदेशन आणि औषधांनी तो आटोक्यात येतो. बांबोळीच्या मनोविकार संस्थेत उपचार मिळतात. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीच्या १४४१६ या क्रमांकावर मराठीतूनही बोलता येते.