दावा कोर्टात, दप्तर रुमालात

साताऱ्याच्या दिवाणी कोर्टात वाटपाचा दावा लावायचा म्हटले की वकील आधी सातबारा आणि फेरफार (जमिनीवरचे नाव बदलल्याची नोंद) मागतात. गंमत अशी, की हे कागद मालकी ठरवायला तयारच झाले नव्हते. सारा कुणाकडून वसूल करायचा, एवढ्यासाठी ते लिहिले गेले. दावा चालू असताना ते जपायची पंचाईत होते ती याच मुळामुळे.

१८४८ मध्ये दत्तक नामंजूर करून इंग्रजांनी सातारचे राज्य खालसा केले. पुढे मोजणी झाली, सर्व्हे नंबर पडले. तरी गावचे दप्तर कुलकर्ण्याकडेच राहिले, बरेचसे मोडी लिपीत. हक्कनोंदणी, म्हणजे कुठल्या जमिनीवर कुणाचा काय हक्क याची नोंद, आली ती १९०३ च्या कायद्याने, आणि १९१३ मध्ये ती १८७९ च्या जमीन महसूल कायद्यात सामावली गेली. बेचाळीसच्या चळवळीत साताऱ्यात काही गावांच्या चावड्यांतली दप्तरे जाळली गेली. लोकांच्या लेखी ती इंग्रजांच्या वसुलीची वही होती. आपल्याच जमिनीचा पुरावा जळतोय, हे तेव्हा कोण मनात आणणार?

१९५० च्या कायद्याने कुलकर्णी वतन गेले आणि दप्तर तलाठ्याकडे आले. त्याच सुमारास हद्दीही हलत होत्या. आटपाडीचेच घ्या: आधी औंध संस्थान, १९४८ च्या विलीनीकरणानंतर १९४९ मध्ये दक्षिण सातारा, १९६० पासून सांगली. आजोबांच्या काळातला कागद कुठल्या कचेरीत मागायचा, इथूनच पक्षकाराची पायपीट सुरू होते.

कागद किती वर्षे ठेवायचा याचे महसुली गणित वेगळेच. अ वर्ग कायमचा, ब तीस वर्षे, क दहा, ड एक वर्ष. फेरफाराची नोंद टिकते, पण तिच्यामागची वर्दी (बदल कळवणारा अर्ज), नोटीस, जबाब तितके टिकतीलच असे नाही. आणि दोन पिढ्या चाललेले दावे आपल्याकडे काही नवलाचे नाहीत.

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे प्रमाणित नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी धरतात. म्हणजे नोंद खोडून काढायला लागणारा कागद नाशाच्या यादीत गेला, तर नुकसान हरकत घेणाऱ्याचे. मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम ५२ दाव्यातली जमीन विकत घेणाऱ्याला निकालाने बांधते; १९३९ च्या मुंबई दुरुस्तीने त्याला नोंदणीकृत नोटिशीची जोड दिली. पण ते कलम जमिनीपुरते. कचेरीत रुमालात बांधून ठेवलेल्या कागदाला त्याचे संरक्षण नाही.

म्हणून जाणते वकील दाव्याच्या आधीच फेरफाराच्या, जबाबांच्या, वादग्रस्त प्रकरणांच्या ६-अ नोंदवहीच्या सहीशिक्क्याच्या नकला काढून घेतात, प्रकरण चालू आहे म्हणून मूळ कागद नष्ट करू नयेत असा अर्ज तहसीलला देऊन पोच घेतात, आणि गरज पडली तर मूळ दप्तर हजर करण्याचा समन्स कोर्टाकडून काढवतात. मोडी कागद असला तर वाचणारा शोधण्यातच महिना जातो, तो वेगळा.