गेंड्या पानात, सोंड्या पोटात

माडाची नवी झावळी उलगडते, ती कात्रीने कातरल्यासारखी दिसते आणि घरात ठरलेलं वाक्य येतं, "भुंगा लागला." कुठला भुंगा, हे कोणी विचारत नाही. गोम तिथेच आहे. कोकणात माडाला छळणारे मोठे भुंगे दोन, गेंड्या आणि सोंड्या. पहिला दिसायला राक्षस, पण मोठ्या माडाला सहसा जिवे मारत नाही. दुसरा आलाय हे कळेपर्यंत बहुतेक वेळा माड हातचा गेलेला असतो.

गेंड्या काळाकुळकुळीत, जाडजूड, चारेक सेंटीमीटर लांब. डोक्यावर मागे वळलेलं शिंग, नराचं जरा मोठं. पावसाळ्यात रात्री पडवीतल्या दिव्यावर येऊन धाडकन आपटतो तो हाच. नासधूस पूर्ण वाढलेला भुंगाच करतो. शेंड्यातली न उलगडलेली सुई पोखरून तो रस चोखतो आणि चघळलेला चोथा भोकातून बाहेर ढकलतो. सुईत पान घड्या घालून मिटलेलं असतं. लहानपणी कागदाची घडी कातरून उलगडली की नक्षी निघायची ना, तसंच इथे होतं. पान उघडलं की दोन्ही बाजूंना सारखे त्रिकोणी काप. म्हणजे आज दिसतंय ते पान सुईत असतानाचं नुकसान. कोवळी पोय, म्हणजे माडाचा फुलोरा, पोखरली गेली तर तेवढे नारळ बुडाले. रोपाचं मात्र वेगळं आहे. त्याचा कोंबच खाल्ला गेला तर रोप मरतं.

गेंड्याची अळी माडावर शोधू नका. ती घराशेजारच्या गायरीत (शेणखताच्या खड्ड्यात), कुजक्या पाचोळ्यात नाहीतर कुजलेल्या माडाच्या खोडात असते. पांढरी, गुबगुबीत, अर्धगोल वळलेली, पुढे सहा पाय. पुष्कळजण तिला हुमणी, म्हणजे मुळं खाणारी दुसरीच अळी, म्हणतात आणि शेणखताबरोबर परत बागेत टाकतात!

सोंड्या तांबूस-तपकिरी, साडेतीनेक सेंटीमीटरचा, तोंडापुढे बाकदार सोंड. इथे सगळं उलटं. भुंगा वरवरचा, खरी संहारक अळी. मादी खोडावरच्या जखमेत अंडी घालते, एकेक मादी शेकड्यांनी. बिनपायांची अळी आत गाभा खात सुटते, काथ्याचा कोश विणून त्यातून भुंगा होऊन निघते आणि पुढची पिढीही त्याच खोडात वाढते. 5 ते 20 वर्षांचे माड त्याला जास्त आवडतात, म्हणजे नेमके धरायला लागलेले किंवा ऐन भरात आलेले. आखाती देशांतल्या खजुरीच्या बागांना गेली तीन-चार दशकं हाच भुंगा पोखरतो आहे.

खोडाच्या भोकांतून तपकिरी चिकट रस ओघळतो, चावलेला चोथा बाहेर येतो, आतल्या झावळ्या पिवळ्या पडतात. शंका आली तर दुपारच्या शांततेत खोडाला कान लावा. आत कुरतडल्याची करकर ऐकू येते. मी ती पहिल्यांदा ऐकली तेव्हा आमचा पाडेली, म्हणजे माडावर चढून नारळ पाडणारा, फक्त म्हणाला, "आता ह्याचा काय खरा नाय." पुढच्या महिन्यात शेंडा कलला.

आता कोयतीकडे येऊ, कारण सोंड्याला दार बऱ्याचदा आपणच उघडून देतो. माड 'साफ' करायचा म्हणून हिरव्या झावळ्या खोडालगत छाटल्या की ताज्या जखमेच्या वासावर सोंड्या येतो. शिवाय तोटा वेगळाच. चांगल्या माडावर 30 ते 35 झावळ्या असतात, महिन्याला साधारण एक नवी येते आणि तिच्या बेचक्यात एक पोय. हिरवी झावळी तोडणं म्हणजे माडाचं जेवण तोडणं. वाळून लोंबणारी, ओढली की सुटणारी झावळी खुशाल काढा. हिरवी काढावीच लागली, घरावर किंवा विजेच्या तारेवर आली म्हणून, तर खोडापासून चारेक फूट देठ राखून कापा. चढायला खोडाला खाचा पाडणं हेही सोंड्याला आवतणच.

गेंड्याला बेचक्यातच अडवायचं. आतल्या दोन-तीन पानांच्या बेचक्यांत निंबोळी पेंड आणि वाळू सारख्या प्रमाणात, 250-250 ग्रॅम, वर्षातून तीनदा. लहान माडाला डांबरगोळ्या ठेवून वर वाळू टाकली तरी चालतं. आत बसलेला भुंगा लोखंडी आकडीने ओढून काढायचा आणि ती जखम तशी सोडायची नाही, कारण गेंड्याच्या भोकातूनच सोंड्या शिरतो. गायरीसाठी मेटारायझियम ही बुरशी मिळते, ती अळ्यांना रोगी करून मारते.

सोंड्याचं खोडात औषध सोडायचं असेल तर ते लागण लवकर कळली तरच. औषधांच्या शिफारशी बदलत असतात, म्हणून नाव आणि मात्रा रत्नागिरीजवळच्या भाट्ये नारळ संशोधन केंद्रात किंवा दापोलीच्या कृषी विद्यापीठात विचारून घ्या. कामगंध सापळे, म्हणजे भुंग्यांच्याच गंधाची वडी टांगून त्यांना ओढणारे सापळे, दोघांसाठीही आहेत, पण दोघांचा गंध वेगळा. गेंड्याची वडी टांगून सोंड्याची वाट पाहण्यात अर्थ नाही. आणि सापळा कोवळ्या माडालाच लटकावू नका, पाहुणे तिथेच जमतील.

मेलेला माड तोडला की काम संपत नाही. खोड चिरून आतल्या अळ्या आणि कोश जाळायचे, नाहीतर सोंड्या शेजारच्या माडावर जातो. चिरलेलं खोडही बांधाला कुजत टाकायचं नाही. 3 जून 2020 च्या निसर्ग चक्रीवादळात श्रीवर्धन-मुरुडकडे किती माड आडवे झाले ते आठवा. असं एखादं खोड पावसात भिजून मऊ झालं की गेंड्या त्यातच अंडी घालतो, आणि पुढे बाहेर पडणारे भुंगे उरलेल्या माडांच्या सुया पोखरायला निघतात.