हायकोर्टात गेलं की पोटगी थांबते?

‘हायकोर्टात जा, पोटगी आपोआप थांबते’ हा सल्ला कोर्टाच्या आवारात वर्षानुवर्षं फुकट मिळतो. साफ चूक. मुळात फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ (आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं १४४) खालच्या फॅमिली कोर्टाच्या आदेशावर अपीलच होत नाही. १९८४च्या फॅमिली कोर्ट कायद्याच्या कलम १९ नुसार हायकोर्टात रिव्हिजन, म्हणजे आदेशाच्या फेरतपासणीचा अर्ज, करावं लागतं. तेही नुसतं दाखल करून भागत नाही. स्थगिती वेगळी मागायची, आणि ती देताना कोर्ट बहुधा थकबाकीचा बराच हिस्सा आधी भरायला लावतं. तोवर रक्कम चढतच राहते. सुप्रीम कोर्टाच्या रजनेश विरुद्ध नेहा (२०२०) निकालानंतर तर ती पोटगीच्या मूळ अर्जाच्या तारखेपासून मोजतात. थकवली तर वसुली वॉरंट, प्रसंगी कैद. कैद भोगली की थकबाकी फिटते, हीही तसलीच लोणकढी थाप.