छिटमहालांचा गुंता कसा सुटला

नवापूरच्या रेल्वे स्थानकातून महाराष्ट्र आणि गुजरातची हद्द जाते. तिकीट खिडकी महाराष्ट्रात, स्टेशन मास्तरचं कार्यालय गुजरातेत, आणि फलाटावरच्या एका बाकावर निम्मं महाराष्ट्र, निम्मं गुजरात असं रंगवलेलं. १ मे १९६० ला राज्यं वेगळी झाली, पण त्यामुळे प्रवाशाचं काही अडत नाही, कारण दोन्हीकडे देश एकच. भारत-बांगलादेश सीमेवर अशीच चिरफाळलेली हद्द दोन देशांमधली होती, आणि तिने हजारो माणसांचं जगणं अडवून धरलं.

एका देशाच्या पोटात अडकलेल्या दुसऱ्या देशाच्या तुकड्यांना छिटमहाल म्हणत. मूळ कुचबिहार संस्थान आणि मुघल यांच्या अठराव्या शतकातल्या तहापर्यंत जातं. राजाने आणि रंगपूरच्या फौजदाराने बुद्धिबळात गावं पणाला लावली ही कथा लोकप्रिय असली तरी तिला आधार नाही. १९४९ मध्ये कुचबिहार भारतात आलं, तशी त्याची विखुरलेली गावं पूर्व पाकिस्तानच्या पोटात भारतीय ठरली. तिकडची काही भारतात अडकली. दहाला खागराबाडी हे तर भारताचं शेत होतं, बांगलादेशी गावात. ते गाव भारतीय गावात. आणि ते सगळं बांगलादेशात! शाळा, वीज, पोलीस यांसाठी परका देश ओलांडायचा आणि त्यासाठी लागणारी कागदपत्रं मात्र कुणीच द्यायची नाहीत, अशी कोंडी.

१९५८ मध्ये नेहरू आणि पाकिस्तानचे पंतप्रधान फिरोजखान नून यांनी अदलाबदल ठरवली. त्यात पश्चिम बंगालमधल्या बेरुबाडी या सीमेवरच्या भागाचा निम्मा तुकडा पाकिस्तानला जाणार होता. बंगालात संताप उसळला. १९६० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सल्ला दिला की देशाचा भूभाग द्यायचा असेल तर घटनादुरुस्ती लागेल. त्याप्रमाणे नववी घटनादुरुस्ती झाली, पण बेरुबाडी दिली गेली नाही.

खरी मुत्सद्देगिरी दिसते ती १६ मे १९७४ च्या इंदिरा गांधी-मुजीबुर रहमान करारात. बेरुबाडी भारताकडे राहिली, भारताच्या पोटातला दहाग्राम-अंगरपोता हा छिटमहाल बांगलादेशाकडे, आणि तिथे जायला भारताने तीन बिघा हा चिंचोळा पट्टा भाडेपट्ट्याने द्यायचा. जे सोडताना ज्याला सर्वात जास्त दुखलं असतं, ते त्याच्याकडेच ठेवलं. बांगलादेशाने त्याच वर्षी मान्यता दिली. पुढच्या वर्षी मुजीब यांची हत्या झाली, आणि भारताची मान्यता रखडली ती चाळीस वर्षं. तीन बिघाची वाट उघडायलाच १९९२ उजाडलं.

अडथळा आकड्यांचा होता. भारताचे १११ छिटमहाल, सुमारे १७,१६० एकर, जाणार. ५१ छिटमहाल, सुमारे ७,११० एकर, येणार. दहा हजार एकरांचा तोटा म्हणून विरोध झाला. माझ्या मते हा हिशेब पोकळ होता: जिथे आपला तलाठी पोचत नाही, ती जमीन आपली कशी?

२०११ मध्ये मनमोहन सिंग आणि शेख हसीना यांच्या काळात पूरक करार झाला, त्याच वर्षी दोन्ही देशांनी मिळून माणसं मोजली. भारताच्या छिटमहालांत ३७,३३४, बांगलादेशाच्या छिटमहालांत १४,२१५. मे २०१५ मध्ये संसदेने शंभरावी घटनादुरुस्ती एकमताने मंजूर केली. जूनमध्ये ढाक्यात मोदी आणि हसीना यांच्या उपस्थितीत मान्यतापत्रांची देवाणघेवाण झाली आणि ३१ जुलैच्या मध्यरात्री हद्द बदलली.

करारातली मला सर्वात मोलाची वाटते ती अट: नागरिकत्व कुठलं घ्यायचं हे रहिवाशांनी ठरवायचं. बांगलादेशातल्या छिटमहालांतून हजाराच्या आतच माणसं भारतात आली, बाकीची आपापल्या घरीच राहिली. भारतात सामील झालेल्यांनी २०१६ च्या पश्चिम बंगाल विधानसभा निवडणुकीत पहिल्यांदा मत दिलं.