व्याज, वेळ आणि शॅम्पेन

घरापासून दूर झरा असलेल्या शेतकऱ्याने पाणी कसे मिळवावे? तहान लागली की झऱ्यावर जाऊन ओंजळीने प्यावे, ओंडका कोरून त्याची बादली करावी, किंवा बरीच झाडे तोडून, कोरून, त्यांची पन्हळ थेट दारापर्यंत आणावी. व्हिएन्नातील अर्थशास्त्रज्ञ ऑयगेन फॉन ब्योम-बावेर्क यांनी १८८९ च्या ग्रंथात दिलेल्या या उदाहरणात प्रत्येक पुढचा मार्ग अधिक वळणाचा आहे; पाणी मुबलक मिळते, पण पहिला थेंब उशिरा येतो. भांडवल म्हणजे या लांबच्या वाटेवरच्या अर्धवट टप्प्यांवरील वस्तू, असे त्यांचे म्हणणे होते.

व्याज मात्र एवढ्याने उलगडत नाही. यंत्र उत्पादन वाढवते म्हणून मालकाला व्याज मिळते, या प्रचलित उत्तराला त्यांनी एक अडचणीचा प्रश्न विचारला: यंत्रातून आयुष्यभरात हजाराचे उत्पन्न निघणार असेल, तर खरेदीदारांच्या चढाओढीत त्याची किंमतच हजारावर का जात नाही? ती खाली राहते, कारण उद्याच्या हजाराला आजच्या हजाराचे मोल नसते. त्याची तीन कारणे त्यांनी दिली: पुढे आपली परिस्थिती सुधारेल ही अपेक्षा, भविष्याला कमी लेखण्याचा मानवी स्वभाव, आणि आज हाती असलेल्या साधनांनी लांबची, म्हणून अधिक फलदायी, वाट धरता येण्याची सोय. तिसऱ्या कारणावर अर्थशास्त्रज्ञ अनेक दशके भांडत राहिले.

मला स्वतःला या मांडणीतला यंत्राचा प्रश्न अजूनही बिनतोड वाटतो. फसला तो त्यापुढचा आकडा. श्रम खर्च होण्यापासून वस्तू तयार होईपर्यंतचा सरासरी काळ मोजता येतो आणि व्याजदर उतरला की तो लांबतो, असे ब्योम-बावेर्क मानत. अमेरिकन अर्थशास्त्रज्ञ पॉल सॅम्युएलसन यांनी १९६६ मध्ये शॅम्पेनचे उदाहरण घेऊन ही समजूत तपासली. ती बनवण्याच्या एका पद्धतीत, तयार होण्याच्या दोन वर्षे आधी ७ एकक श्रम लागतात. दुसरीत तीन वर्षे आधी २ आणि एक वर्ष आधी ६. चक्रवाढीने हिशेब केला, तर व्याजदर ५० टक्क्यांखाली असताना पहिली पद्धत स्वस्त पडते, ५० ते १०० टक्क्यांमध्ये दुसरी, आणि १०० टक्क्यांवर पुन्हा पहिलीच. साध्या सरासरीने पहिलीचा काळ २ वर्षे येतो, तर दुसरीचा दीड वर्ष. म्हणजे व्याजदर १०० टक्क्यांपलीकडे चढल्यावर अधिक काळाची पद्धत परत येते, जे सिद्धान्तानुसार घडायला नको होते. (इतके व्याजदर प्रत्यक्षात सहसा नसतात हे खरे, पण तर्कातली खोट त्याने भरून निघत नाही.)

ब्योम-बावेर्क यांच्याच ऑस्ट्रियन परंपरेतले अर्थशास्त्रज्ञ फ्रीडरिश हायेक यांनी तर १९४१ मध्येच सरासरी काळाचा हा एकच आकडा सोडून दिला होता. भांडवल हा एकजिनसी साठा नसून, निरनिराळ्या मुदतींनी एकमेकांत गुंतलेल्या वस्तूंची रचना आहे, या भूमिकेवर ते ठाम राहिले.