बोनस रेषेवरचा हवेतला पाय

कोकणात रात्रीच्या कबड्डी सामन्यात हमखास वाद होतो तो एका पायावरून. चढाईपटूचा एक पाय बोनस रेषेपलीकडे टेकला, तेव्हा मागचा पाय हवेत होता का? असेल तरच बोनस गुण. पंच म्हणतील ते खरं, कारण तो क्षण डोळ्याला धड पकडता येत नाही.

चलच्चित्राच्या मुळाशी असाच एक प्रश्न आहे: धावत्या घोड्याचे चारही पाय एकाच वेळी हवेत असतात का? जून १८७८ मध्ये कॅलिफोर्नियातल्या पालो अल्टो इथे छायाचित्रकार एडवर्ड मायब्रिजनं धावपट्टीलगत १२ कॅमेरे ओळीनं मांडले. घोडी धावताना आडवे धागे तुटत गेले, तसतसे फोटो निघाले. घोडीचे चारही पाय एकाच वेळी हवेत होते, पण पोटाखाली गोळा झालेले! चित्रकार मात्र ते पुढेमागे ताणलेले रंगवत आले होते. १८८२ मध्ये फ्रान्सचे शरीरशास्त्रज्ञ एतियेन-ज्यूल मारे यांनी बंदुकीच्या आकाराचा कॅमेरा बनवला, सेकंदाला १२ चित्रं टिपणारा. पुढे त्यांनी माणसाला काळा पोशाख चढवून हातापायांवर पांढऱ्या पट्ट्या लावल्या आणि काळ्या पडद्यासमोर चालवलं. चित्रात उरल्या त्या फक्त हलणाऱ्या रेषा. मला ही युक्ती त्या काळातली सर्वांत देखणी वाटते.

आपल्याकडे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावे दादा, यांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली. फिल्म धुवायला लंडनला पाठवावी लागली. दापोली तालुक्यातल्या मुर्डीचे रघुनाथ परांजपे सीनियर रँग्लर, म्हणजे केंब्रिजच्या गणिताच्या परीक्षेत पहिले, होऊन १९०१ मध्ये परतले, ते स्वागतही सावे दादांनीच टिपलं.

फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या त्या काळच्या कॅमेऱ्याचा वेग सेकंदाला सुमारे १६ चित्रांचा. चढाईपटूचा हात सेकंदाला ५ मीटर वेगानं झेपावला, तर दोन चित्रांमध्ये तो ३१ सेंटिमीटर पुढे गेलेला असतो. स्पर्श झाला की नाही, हे मधल्या अंतरातच हरवतं. आजच्या बऱ्याच मोबाइलमध्ये सेकंदाला २४० चित्रांची सोय आहे. तिथे हेच अंतर २ सेंटिमीटरवर येतं.

म्हणून गावोगावच्या मंडळांनी हे करून बघाच. मोबाइल तिवईवर, बोनस रेषेच्या अगदी सरळ रेषेत आणि जमिनीलगत ठेवा. तिरका ठेवलात तर रेषेअलीकडे टेकलेला पायही पलीकडे भासेल. मैदानावर उजेड भरपूर हवा, कारण प्रत्येक चित्राला सेकंदाच्या २४०व्या भागाहून जास्त वेळ मिळत नाही. सरावात घोट्याला आणि गुडघ्याला पांढरी चिकटपट्टी लावली, तर मागचा पाय नेमका कधी सुटतो तेही चित्रागणिक मोजता येईल.