सम्राटाचे गारदी: नेपोलियनच्या इम्पिरियल गार्डमागचा इतिहास

‘गारदी’ हा शब्द आपल्याला शाळेच्या पुस्तकापासून ओळखीचा. १७६१ साली पानिपतावर शर्थीने लढलेला इब्राहिमखान गारदी, आणि ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांच्या मागे तलवारी उपसून धावलेले सुमेरसिंगाचे गारदी. दोघांनाही तेच नाव. दख्खनमध्ये फ्रेंच सरदार बुसीच्या हाताखाली कवायती पलटणी तयार झाल्या, त्यांच्या ‘गार्द’वरून हा शब्द आपल्याकडे आला असे मानतात. म्हणजे धन्यासाठी मरणारा गारदी आणि धन्यालाच मारणाराही गारदीच. युरोपातल्या राजांना आपल्या खाशा पलटणींचा आलेला अनुभव काही वेगळा नव्हता.

१४ जुलै १७८९ रोजी पॅरिसच्या जमावाने बॅस्टिलवर हल्ला केला, तेव्हा राजाच्याच फ्रेंच गार्ड पलटणीतले शिपाई तोफा घेऊन जमावाच्या बाजूने उभे राहिले. तीन वर्षांनी, १० ऑगस्ट १७९२ रोजी, ट्युइलरी राजवाड्यात राजाचे स्विस गार्ड मात्र जागेवरून हलले नाहीत आणि शेकड्यांनी कापले गेले. तो प्रकार जवळून पाहणाऱ्यांत तोफखान्याचा एक तरुण अधिकारी होता. नाव बोनापार्ट. तिकडे रशियात मार्च १८०१ मध्ये झार पावेलचा त्याच्याच महालात खून झाला. कटात गार्डचे अधिकारी होते. ही तर थेट शनिवारवाड्याचीच गोष्ट.

नेपोलियन सत्तेवर आला तोही पहारेकऱ्यांच्याच बळावर. १० नोव्हेंबर १७९९ रोजी सां-क्लूच्या वाड्यात लोकप्रतिनिधींनी त्याला धक्काबुक्की करून बाहेर काढले. सभागृहाच्या रक्षणासाठी नेमलेले ग्रेनेडियर आधी घुटमळले, मग संगिनी रोखून आत शिरले आणि त्यांनी ज्यांचे रक्षण करायचे त्या प्रतिनिधींनाच हुसकावून लावले. काही जणांनी म्हणे खिडक्यांतून उड्या टाकल्या. याच शिपायांना इतर पहारेकऱ्यांशी जोडून काही आठवड्यांत नव्या राज्यप्रमुखांची, म्हणजे कॉन्सुलांची, ‘कॉन्सुलर गार्ड’ उभी राहिली. १८०४ मध्ये बोनापार्ट सम्राट झाला आणि गार्डही ‘इम्पिरियल’ झाली.

आपल्याकडच्या हुजरातीसारखीच ही धन्याची खासगी फौज. तिच्यात शिरणे मात्र सोपे नव्हते. अनेक वर्षांची नोकरी, मोहिमांचा अनुभव, चांगली वर्तणूक आणि उंची, हे सगळे बघत. ग्रेनेडियर म्हणजे मूळचे हातगोळे फेकणारे शिपाई, म्हणून ते धिप्पाड हवेत ही जुनी रीत. हातगोळे मागे पडले तरी उंची आणि अस्वलाच्या कातड्याची उंच टोपी राहिली. झां-रॉश क्वान्ये नावाचा खेड्यातून आलेला एक शिपाई. पराक्रम सिद्ध झालेला, पण उंची थोडी कमी. त्याने मोज्यांत टाचेखाली पत्त्यांची पाने घातली आणि मोजणीला उभा राहिला. झाला भरती! तिशी ओलांडल्यावर गार्डमध्येच तो लिहाय-वाचायला शिकला, बढत्या घेत कॅप्टन झाला, आणि म्हातारपणी हे सगळे त्यानेच लिहून ठेवले. पत्त्यांचे बिंग फोडणाराही तोच.

पगार जास्त, जेवण बरे, आणि दर्जाही वरचा: गार्डमधला नाईक साध्या पलटणीतल्या हवालदाराच्या तोडीचा. सम्राटासमोर तोंडावर कुरकुर करायचीही त्यांना मुभा असे, म्हणून त्यांचे नावच पडले ‘ग्रोन्यार’, म्हणजे कुरकुरे. एका गोष्टीची कुरकुर मात्र खरी होती. त्यांना लढायला मिळत नसे. १८०६ मध्ये येनाच्या रणांगणावर रांगेतून कोणी तरी ‘पुढे चला’ म्हणून ओरडला. नेपोलियन म्हणाला, हा कोणी मिसरूड न फुटलेला पोर असणार. आधी तीस लढायांत सेनापती होऊ दे, मग मला सल्ला दे.

पुढच्या फेब्रुवारीत आयलाऊच्या बर्फात त्यांना संधी मिळाली. रशियन तुकडी थेट सम्राट उभा होता त्या दफनभूमीपर्यंत आली, तेव्हा गार्डची एक पलटण गोळी न झाडता नुसत्या संगिनींनी तिच्यावर चालून गेली. पण असे प्रसंग थोडे. ७ सप्टेंबर १८१२ रोजी रशियात बोरोदिनोला सरदार गार्ड मागत राहिले, सैन्याचे सुमारे ३०,००० लोक मेले किंवा जखमी झाले, तरी गार्डचे पायदळ दिवसभर उभेच. पॅरिसपासून इतक्या लांब शेवटची राखीव फौज जुगारात लावायची नाही, असा नेपोलियनचा हिशेब. माघारीत तो हिशेब काही अंशी खराही ठरला. क्रास्नीजवळ ‘गार्ड आमच्या कझाकांच्या (रशियाच्या हलक्या घोडेस्वारांच्या) मधून गेली ती मच्छीमार होड्यांतून शंभर तोफांचे जहाज जावे तशी’, असे लिहिणारा देनिस दाविदोव हा शत्रूपक्षाचाच अधिकारी.

माझ्या मते खरी किंमत मोजली ती साध्या पलटणींनी. त्यांच्यातला प्रत्येक मुरलेला शिपाई गार्ड उचलून नेई आणि मागे उरत ते नवशिके. १८०४ मध्ये जेमतेम १०,००० ची असलेली ही फौज १८१४ मध्ये कागदावर लाखाच्या वर गेली. जुनी गार्ड, मधली गार्ड, तरुण गार्ड असे थर पडले, आणि तरुण गार्डमध्ये तर कोवळी पोरे भरली.

नेपोलियनच्या शत्रूंपैकी ऑस्ट्रियाने युद्धभूमीवर गार्ड पायदळ ठेवलेच नाही. पलटणीपलटणींतल्या ग्रेनेडियर कंपन्या एकत्र करून ते काम भागवले. रशियाकडे मात्र झार पीटरच्या काळापासूनच्या प्रेओब्राझेन्स्की आणि सेम्योनोव्स्की या गार्ड पलटणी होत्या. त्यांच्यापेक्षा मला पावलोव्स्की पलटण जास्त भावते. जुन्या पद्धतीच्या, पितळी पत्र्याच्या टोकदार टोप्या इतरांच्या गेल्या, पण १८०७ मध्ये फ्रिडलंडला हे लोक असे लढले की झार अलेक्झांडरने त्यांच्या टोप्या आहेत तशाच ठेवायला सांगितले, गोळ्यांच्या भोकांसकट. पुढे त्या पत्र्यांवर मूळ शिपायांची नावे कोरली गेली.

१८ जून १८१५ च्या संध्याकाळी, वॉटर्लूला, नेपोलियनने अखेर गार्ड पुढे काढली. समोर होता ब्रिटिश सेनापती वेलिंग्टन, म्हणजे आर्थर वेलस्ली, १८०३ मध्ये आपल्या असईला शिंद्यांच्या कवायती पलटणींशी भिडलेला तोच. टेकाडामागे आडवे पडलेले ब्रिटिश फूट गार्ड एकदम उठले आणि जवळून गोळीबार झाला. बगलेवर ब्रिटिशांची ५२वी पलटण वळली, दुसरीकडून डच-बेल्जियन फौज आली. ‘गार्ड मागे हटते आहे’ ही आरोळी उठली आणि सगळ्या फ्रेंच सैन्याचा धीर सुटला. ‘गार्ड मरते, शरण जात नाही’ हे वाक्य जनरल कांब्रोनच्या नावावर आहे. त्याने ते नाकारले. शिवाय तो जिवंत पकडला गेला होता.

फ्रेंच ग्रेनेडियरांना हरवले या समजुतीने पहिल्या ब्रिटिश फूट गार्डला त्याच वर्षी ‘ग्रेनेडियर गार्ड्‌स’ हे नाव मिळाले आणि साऱ्या पलटणीला अस्वली टोपी. पण त्यांच्यासमोर आलेले लोक बहुधा शॅसर, म्हणजे गार्डचे हलके पायदळ, होते. त्या घाईने उभ्या केलेल्या पलटणींत कित्येकांना अस्वली टोपी मिळालीच नव्हती. १८३१ मध्ये उरलेल्या दोन फूट गार्ड पलटणींनाही ती देण्यात आली, आणि बकिंगहॅम राजवाड्यासमोर पर्यटक आज तिचे फोटो काढतात.